न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी

एखाद्या समाजाविषयी मनात राग असला तरी न्याय सोडू नये, ही सूरह माइदाची शिकवण. न्यायासनावर बसणाऱ्याची खरी कसोटी तिथेच लागते. न्या. बद्रुद्दीन तय्यबजी त्या कसोटीला उतरले.

10 ऑक्टोबर 1844 रोजी मुंबईतील सुलेमानी बोहरा कुटुंबात त्यांचा जन्म झाला. इंग्लंडमध्ये कायदा शिकून 1867 साली ते मुंबई उच्च न्यायालयातील पहिले हिंदी बॅरिस्टर झाले. मुसलमान मुलांच्या शिक्षणासाठी अंजुमन-ए-इस्लाम उभारण्यात ते अग्रभागी होते. 1887 साली मद्रास काँग्रेसचे ते अध्यक्ष झाले आणि 1895 साली उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती.

1897 साली रत्नागिरीचे सुपुत्र लोकमान्य टिळक राजद्रोहाच्या आरोपाखाली कैदेत होते. त्यांचा जामीन आधी नाकारला गेला होता. 1893 च्या दंग्यानंतर त्यांच्या लिखाणाने अनेक मुसलमानही दुखावले होते. तय्यबजींनी मात्र जामीन दिला. आरोपी पुढे निर्दोष ठरला, तर तोवरचा तुरुंगवास हाच अन्याय ठरेल, हा त्यांचा विचार होता. त्या वेळी टिळकांची बाजू मांडणारे दावर पुढे स्वतः न्यायमूर्ती झाले आणि 1908 साली त्यांनीच टिळकांना जामीन नाकारला. न्यायासन एकच, पण त्यावर बसणाऱ्याचे मन किती महत्त्वाचे!

19 ऑगस्ट 1906 रोजी तय्यबजी लंडनमध्ये निवर्तले. कणकवलीच्या न्यायालयात काळा कोट घालून उभे राहण्याचे स्वप्न पाहणाऱ्या आपल्या मुलामुलींना हे चरित्र अवश्य सांगावे. अल्लाह त्यांच्यावर रहमत करो.