तोफांचे नांगर करणारा माणूस : लक्ष्मणराव किर्लोस्कर

आपल्यापैकी जे कॅडेट सुट्टीला बेळगाव, कोल्हापूर किंवा सांगलीकडे जातात, त्यांना दोन स्टेशनांची नावे माहीत असतील. एक तुंगभद्रेच्या काठचे हरिहर आणि दुसरे मिरज-पुणे मार्गावरचे किर्लोस्करवाडी. या दोन्ही गावांशी एकाच माणसाचे नाव जोडलेले आहे. ते म्हणजे लक्ष्मणराव काशिनाथ किर्लोस्कर. मराठी आणि कन्नड अशा दोन्ही मुलखांत ज्यांनी यंत्रे रुजवली, त्यांचे चरित्र आपल्या मराठी पानावर यावे असे वाटले म्हणून हा लेख.

लक्ष्मणरावांचा जन्म २० जून १८६९ रोजी बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूर या गावी झाला. वडील वेदान्ताचे अभ्यासक होते. मुलाचे मन मात्र पोथीत रमेना. त्याला चित्रे काढायला आणि वस्तू उघडून पाहायला आवडे. शेवटी थोरले बंधू रामुअण्णा यांच्या पाठिंब्याने १८८५ साली लक्ष्मणराव मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत दाखल झाले. तेथे एक विलक्षण अडचण पुढे आली. त्यांना काही रंगांतला फरकच कळत नव्हता. रंग न ओळखणारा माणूस चित्रकार कसा होणार? दुसरा कोणी असता तर घरी परतला असता. लक्ष्मणरावांनी रंग सोडले, पण रेषा सोडली नाही. ते यंत्रांची रेखाचित्रे काढायला शिकले आणि मुंबईच्या व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये त्याच विषयाचे शिक्षक झाले. रिकाम्या वेळी ते संस्थेच्या वर्कशॉपमध्ये हाताने काम शिकत.

त्या काळी सायकल ही नवलाची वस्तू होती. १८८८ साली दोघा भावांनी बेळगावात सायकलींचे दुकान सुरू केले. लक्ष्मणराव मुंबईहून सायकली पाठवत आणि रामुअण्णा त्या विकत. गिऱ्हाइकाला चालवायला शिकवायचे कामही तेच करत. सायकल बिघडली तर दुरुस्ती दुकानातच होई. पुढे संस्थेत बढतीची वेळ आली, तेव्हा लक्ष्मणरावांना डावलून एका अँग्लो-इंडियन माणसाला ती जागा दिली गेली. लक्ष्मणरावांनी नोकरीचा राजीनामा दिला आणि ते बेळगावला आले.

सायकलींवर ते थांबले नाहीत. त्यांनी कडबा कापण्याचे यंत्र बनवले आणि नंतर लोखंडी नांगर. या नांगराची गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. नांगर चांगला होता, पण तो घ्यायला कोणी तयार होईना. लोखंडाने जमिनीला विष चढते, अशी शेतकऱ्यांची समजूत होती. पहिले नांगर विकले जायला दोन वर्षे लागली. लक्ष्मणराव शेतकऱ्यांवर रागावले नाहीत. वर्षाचे पीक ज्याच्या नांगरावर अवलंबून आहे, तो नव्या वस्तूवर डोळे झाकून विश्वास कसा ठेवेल? शेतात नांगर चालवून दाखवणे, काय मोडते ते पाहणे आणि त्यात सुधारणा करणे एवढाच उपाय होता.

धंदा जम धरू लागला तोच बेळगावच्या नगरपालिकेने जागा सोडण्याची नोटीस दिली. त्या वेळी औंध संस्थानचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी मदतीला आले. त्यांनी कुंडल रोड स्टेशनजवळ ३२ एकर जमीन आणि १०,००० रुपये कर्ज दिले. जमीन ओसाड माळ होती. निवडुंग आणि साप सोडले तर तेथे काही नव्हते. १९१० साली थोड्या माणसांनी तेथे मुक्काम ठोकला. हीच किर्लोस्करवाडी. कारखान्याबरोबर घरे, शाळा आणि रस्ते उभे राहिले. लक्ष्मणरावांना जातिभेद मान्य नव्हता. शिक्षा भोगून आलेल्या दरोडेखोरांना त्यांनी रात्रीचे पहारेकरी नेमले आणि त्या माणसांनी इमानाने पहारा केला. ज्यांनी संत्री ड्यूटी केली आहे, त्यांना हा केवढा विश्वास होता ते समजेल.

१९१४ साली पहिले महायुद्ध सुरू झाले. परदेशी लोखंड येईनासे झाले आणि भट्टी थंड पडण्याची वेळ आली. तेव्हा कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी संस्थानातील जुन्या, निकामी तोफा लक्ष्मणरावांना दिल्या. त्या वितळवून नांगर ओतले गेले. ज्या लोखंडाने कधी गोळे फेकले होते, त्याने आता जमीन नांगरली. जुने धातू फेकायचे नसतात, त्यांना नवा जन्म देता येतो, हे त्या काळी त्यांनी करून दाखवले.

१९२० साली किर्लोस्कर ब्रदर्स ही मर्यादित कंपनी झाली. नांगरानंतर पंप आले. लक्ष्मणरावांचे चिरंजीव शंतनुराव अमेरिकेतील एम. आय. टी. या संस्थेतून १९२६ साली इंजिनिअर झाले. १९४१ साली म्हैसूर संस्थानात हरिहर येथे म्हैसूर किर्लोस्कर हा कारखाना निघाला. तेथे लेथ बनू लागले. लेथ म्हणजे यंत्रे बनवणारे यंत्र. पुढे १९४६ साली पुण्याजवळ खडकीला डिझेल इंजिनांचा कारखाना उभा राहिला. विहिरीवर टक् टक् करणारे ते इंजिन महाराष्ट्रात आणि कर्नाटकात घरोघरी माहीत झाले. हरिहरचा तो कारखाना आता बंद आहे, पण त्याचे लेथ अनेक छोट्या वर्कशॉपमध्ये अजून फिरताना दिसतात.

याचा आजच्याशी काय संबंध, असे कोणी विचारील. माझ्या मामांचा मध्यम वजनाचा माल ट्रक आहे. गेल्या वर्षी त्याचे इंजिन तेल खाऊ लागले आणि धूर सोडू लागले. घरात चर्चा झाली. नवे इंजिन फार महाग. गल्लीतल्या गॅरेजमध्ये काम काढले तर फक्त बिघडलेले तेवढेच बदलतात. तिसरा मार्ग कारखान्यात पुन्हा बांधलेल्या इंजिनाचा. त्यात जुने इंजिन पूर्ण खोलतात, धुतात, ब्लॉकला आणि हेडला तडा आहे का ते तपासतात, क्रँकशाफ्ट मोजून घासतात, लायनर, पिस्टन, रिंगा, बेअरिंगे नवी घालतात, इंजेक्टर आणि डिझेल पंप मशीनवर लावून तपासतात आणि शेवटी इंजिन चालवून पाहतात. आपले जुने इंजिन बदल्यात द्यावे लागते.

घर ज्या ट्रकवर चालते त्यात असे इंजिन टाकायचे, म्हणजे मामांसमोर त्या नांगर घेणाऱ्या शेतकऱ्याचाच प्रश्न होता. विश्वास ठेवावा का? मामांनी काही गोष्टी आधी विचारल्या. कोणते भाग नवे आणि कोणते जुने, हे लिहून मिळेल का? वॉरंटी किती महिन्यांची, आणि तीत मजुरी धरली आहे का? चाचणीचा कागद आहे का? सुटे भाग जवळ मिळतात का? जुने इंजिन ज्या कारणाने गेले ते कारण दूर झाले का? रेडिएटर चोंदलेला असेल किंवा एअर फिल्टर फाटका असेल तर पुन्हा बांधलेले इंजिनही तसेच जाईल. शिवाय इंजिन बदलले की नवा इंजिन नंबर आर. टी. ओ.कडे नोंदवून आर. सी.वर चढवावा लागतो. समाधानकारक उत्तरे मिळाल्यावरच मामांनी इंजिन घेतले आणि आज ट्रक रस्त्यावर आहे.

लक्ष्मणराव २६ सप्टेंबर १९५६ रोजी वारले. १९६९ साली त्यांच्या जन्मशताब्दीला भारत सरकारने त्यांचे टपाल तिकीट काढले. त्यांनी स्वतः ट्रकचे इंजिन पुन्हा बांधले नव्हते. पण यंत्र विकणाऱ्याने विकल्यानंतरही त्याची जबाबदारी घ्यावी आणि घेणाऱ्याने डोळे उघडे ठेवून विश्वास ठेवावा, हे त्यांच्या नांगराने शिकवले. आपल्यातले काही जण उद्या रणगाडे आणि सैनिकी ट्रक सांभाळतील. ऐन वेळी गाडी चालू होणे म्हणजे काय, हे त्यांना कळेलच. म्हणून कॅडेट मित्रांनो, वर्कशॉपच्या तासाला हात काळे झाले तर कुरकुर करू नका. रंग न ओळखणाऱ्या एका मुलाने याच काळ्या हातांनी आपल्या देशात कारखाने उभे केले.

— एक कॅडेट, इयत्ता दहावी