वैद्य गार्सिया द ओर्ता

‘यूनानी औषध’ हा शब्द आपल्या बिदर-कलबुर्गी भागात कोणास अपरिचित नाही. यूनान म्हणजे ग्रीस देश. त्या देशात इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात ॲरिस्टॉटल नावाचा तत्त्ववेत्ता होऊन गेला. आकाश, वारा, प्राणी, वनस्पती यांच्या घडामोडींची कारणे शोधण्याचे जे शास्त्र, त्याची त्याने पद्धतशीर मांडणी केली. त्याचा शिष्य थिओफ्रास्टस याने वनस्पतींवर ग्रंथ लिहिले. पुढे इसवी सनाच्या पहिल्या शतकात डायोस्कोरिडीझने औषधींचे वर्णन केले आणि दुसऱ्या शतकात गॅलनने वैद्यकाची उभारणी केली. आपल्याकडे सूत्रांवर भाष्ये आणि भाष्यांवर टीका होत गेल्या, तसेच या ग्रंथांचे झाले. बगदादच्या पंडितांनी ते अरबीत उतरविले. इब्न सिनाने त्यांचे सार एका महाग्रंथात गोविले. इब्न रश्दाने तर ॲरिस्टॉटलवर भाष्ये लिहिण्यात आयुष्य वेचले. या ज्ञानगंगेचा एक प्रवाह लॅटिन भाषेतून युरोपच्या विद्यापीठांत गेला आणि दुसरा फारसी-अरबी जाणणाऱ्या हकिमांबरोबर दख्खनच्या दरबारांत आला. हे दोन प्रवाह सोळाव्या शतकात आपल्या भूमीवर ज्याच्या ठायी पुन्हा एकत्र आले, त्या गार्सिया द ओर्ताचे हे चरित्र.

पोर्तुगालमधील कास्तेलु द व्हिद या गावी इ. स. १५०१ च्या सुमारास त्याचा जन्म झाला. त्याचे आईवडील मूळचे स्पेनमधील यहुदी. १४९२ साली स्पेनच्या राजाने यहुद्यांना हद्दपार केले, तेव्हा हे कुटुंब पोर्तुगालच्या आश्रयास आले. परंतु १४९७ साली तेथेही यहुद्यांवर सक्तीने ख्रिस्ती धर्म लादण्यात आला. अशा कुटुंबांना नवख्रिस्ती म्हणत आणि त्यांच्या निष्ठेकडे सदैव संशयाने पाहिले जाई. ही संशयाची छाया गार्सियाच्या जन्मापूर्वीच त्याच्या घरावर पडली होती. ती त्याच्या मरणानंतरही हटली नाही.

सालामांका आणि अल्काला येथील विद्यापीठांत शिकून तो वैद्य झाला. १५३० साली लिस्बनच्या विद्यापीठात निसर्गतत्त्वज्ञान शिकविण्याचे काम त्यास मिळाले. निसर्गतत्त्वज्ञान याचा त्या काळचा अर्थ ॲरिस्टॉटल, असाच होता. ग्रंथ वाचावा, त्यावरील भाष्य सांगावे, शंका आली तर दुसरे भाष्य काढावे. झाडाजवळ जाऊन पाहण्याची रीत नव्हती. अशी मानाची जागा सोडून १५३४ च्या मार्च महिन्यात तो मार्तिम आफोन्सु द सौझा या सरदाराचा वैद्य म्हणून जहाजावर चढला आणि सप्टेंबरात गोव्यास उतरला. पुन्हा त्याने मायदेश पाहिला नाही.

आरंभीची काही वर्षे सरदाराच्या स्वाऱ्यांबरोबर गुजरात, मलबार, सिंहलद्वीप असा प्रवास झाला. नंतर तो गोव्यात स्थायिक झाला. अहमदनगरचा बुऱ्हाण निजामशहा हा त्याचा रोगीही होता आणि स्नेहीही. त्या दरबारातील हकिमांशी त्याची चर्चा होई. इब्न सिना त्यांनाही पाठ आणि यालाही पाठ. मग बोलण्यास विषयांची काय वाण? पुढे पोर्तुगालच्या राजाकडून मुंबई बेट त्यास खंडाने मिळाले. तेथील आपल्या एका आंब्याला वर्षातून दोनदा फळ येते, असे त्याने मोठ्या कौतुकाने नमूद केले आहे.

या साऱ्या निरीक्षणाचे फळ म्हणजे १० एप्रिल १५६३ रोजी गोव्यात छापून प्रसिद्ध झालेला हिंदुस्थानातील औषधींविषयीचा त्याचा संवादग्रंथ. तो लॅटिनमध्ये नसून पोर्तुगीज भाषेत आहे. मुद्रणाच्या चुका त्यात पुष्कळ आहेत; गोव्यात छापखाना येऊन तेव्हा जेमतेम सात वर्षे झाली होती! ग्रंथात रुआनो नावाचा एक कल्पित विद्वान वैद्य स्पेनमधून येतो आणि ग्रीक आचार्यांची वचने पुढे करतो. ओर्ता त्यास वस्तू आणून दाखवितो. मोलकरीण अंतोनियाला हाक मारावी, तिने फांदी किंवा फळ आणावे आणि दीड हजार वर्षांचा वाद तिथेच मिटावा, अशी त्याची रीत.

तमालपत्राचेच उदाहरण घ्या. हे पान मुळावाचून पाणथळीत तरंगते, असे डायोस्कोरिडीझने लिहून ठेवले होते आणि भाष्यकारांनी ते शिरोधार्य मानले होते. ते झाडाचे पान आहे, झाड कोरड्या भूमीवर वाढते, विड्याचे पान निराळे, हे ओर्ताने स्पष्ट केले. इतकेच नव्हे, ग्रीकांचा ‘मलाबाथ्रम’ हा शब्द आपल्या ‘तमालपत्रा’चाच अपभ्रंश, हेही त्याने ओळखले. लेंडीपिंपळी हे मिरीचेच कोवळे फळ, ही प्राचीनांची समजूतही त्याने खोडून काढली. स्पेनमध्ये असतो तर गॅलनविरुद्ध ब्र काढण्याची आपली छाती झाली नसती, अशी कबुली त्याने दिली आहे. मला ती फार मोलाची वाटते.

हिंगाची गोष्ट तर मुलांना आवडेल अशी आहे. विजयनगरात एका पोर्तुगिजाचा उमदा घोडा पोटातील वायूमुळे विकला जाईना. हिंग चारून त्याने तो बरा केला. राजाने प्रसन्न होऊन हिंगाला देवांचे अन्न म्हटले; घोडेवाल्याने मात्र आपल्या भाषेत हळूच त्यास सैतानाचे अन्न ठरविले.

पटकीचे त्याने केलेले वर्णन आधुनिक वैद्यकाच्या इतिहासात गाजले. रोगी एका दिवसात कसा दगावतो, नाडी कशी मंदावते, हे त्याने जवळून पाहून लिहिले. रोगाचे स्थानिक नावही त्याने टिपले. आम्हा कोकणी बोलणाऱ्यांच्या घरी आजही उच्चारली जाणारी ‘मोडशी’ ती हीच. सर्वच बाबतींत तो संशयी होता असे मात्र नव्हे. जनावरांच्या पोटात सापडणाऱ्या बेझोअर खड्याच्या विषहारक गुणावर त्याची भाबडी श्रद्धा होती.

१५६० साली गोव्यात इन्क्विझिशनचे न्यायासन स्थापन झाले. ओर्ताच्या ग्रंथास त्याच्या अधिकाऱ्याची रीतसर संमती होती. १५६८ साली ओर्ता निधन पावला. लगेच त्याची बहीण कातारिना हिला पकडण्यात आले. गुप्तपणे यहुदी धर्म पाळल्याच्या आरोपावरून २५ ऑक्टोबर १५६९ रोजी तिला गोव्यात जिवंत जाळले. नातलगांच्या जबान्यांतून ओर्ताचेही नाव निघाले. १५८० च्या डिसेंबरात त्याच्या अस्थी थडग्यातून उकरून जाळण्यात आल्या आणि ती राख मांडवी नदीत टाकली गेली.

त्याच्या आदल्याच वर्षी अँटवर्प शहरात त्याच्या ग्रंथाच्या लॅटिन संक्षेपाची आणखी एक आवृत्ती निघाली होती. कार्ल क्लूसियस या वनस्पतिज्ञाने तो संक्षेप १५६७ सालीच सिद्ध केला होता आणि युरोपातील वैद्य तमालपत्र, मिरी, हिंग यांची ओळख त्यावरूनच करून घेत होते.