रेषांना बोलके करणारे बर्नार्ड सिल्व्हर

मुलांनो, तुम्ही दुकानातून बिस्किटाचा पुडा आणता. त्याच्या वेष्टनावर काळ्या उभ्या रेषा असतात. काही रेषा जाड, तर काही बारीक असतात. त्यांच्याखाली आकडे छापलेले असतात. यालाच बारकोड म्हणतात. मोठ्या दुकानात यंत्राचा प्रकाश या रेषांवर पडतो आणि वस्तूची नोंद होते. गोदामातील माल मोजायला आणि पार्सलांचा माग ठेवायलाही याच रेषा उपयोगी पडतात. यामागची धडपड कोणी सुरू केली, हे तुम्हांला ठाऊक आहे का?

बर्नार्ड सिल्व्हर यांचा जन्म १९२४ साली अमेरिकेत झाला. फिलाडेल्फिया शहरातील ड्रेक्सेल या संस्थेत ते शिकले. १९४८ साली तेथेच त्यांच्या कानांवर एक संभाषण पडले. किराणा दुकानांच्या एका कंपनीचे प्रमुख संस्थेच्या अधिकाऱ्यांना एक विनंती करीत होते. गल्ल्यावर मालाची नोंद आपोआप व्हावी, अशी युक्ती त्यांना हवी होती. अधिकाऱ्यांनी नकार दिला. सिल्व्हर यांनी मात्र ही गोष्ट मनावर घेतली आणि आपले मित्र नॉर्मन वुडलँड यांना सांगितली.

दोघे कामाला लागले. प्रथम त्यांनी विशिष्ट प्रकाशात चमकणारी शाई वापरून पाहिली. पण ती महाग होती आणि फिकी पडत असे. पुढे वुडलँड समुद्रकिनारी बसले असताना त्यांना तारयंत्राची लिपी आठवली. तिच्यात ठिपके आणि लहान रेघा असतात. त्यांनी वाळूत बोटे ओढली आणि जाड-बारीक रेषा उमटल्या. याच रेषांची त्यांनी गोल कडी केली, म्हणजे ती कोणत्याही बाजूने वाचता येईल. १९४९ साली दोघांनी पेटंटसाठी अर्ज केला. १९५२ साली ते मिळाले.

त्यांनी यंत्रही तयार केले. पण ते मेजाएवढे मोठे होते. त्यातील ५०० वॉटच्या दिव्याने कागद करपू लागे. स्वस्त आणि लहान संगणक तेव्हा नव्हते. १९६२ साली पेटंट १५ हजार डॉलरना विकले गेले. १९६३ साली सिल्व्हर वारले. त्यांचे वय अवघे ३८ वर्षे होते.

पुढे गोल कड्यांची अडचण लक्षात आली. छापताना शाई फासली, की यंत्राला ती वाचता येत नसत. म्हणून जॉर्ज लॉरर या अभियंत्याने उभ्या रेषा निवडल्या. शाई रेषेच्या दिशेने पसरली, तर रेषा फक्त लांब होते, तिची जाडी बदलत नाही. शिवाय शेवटचा आकडा पडताळणीचा ठेवला. वाचनात चूक झाली, तर तो आकडा जुळत नाही. आजही चांगल्या लेबलावर रेषा ठळक असतात आणि दोन्ही बाजूंना कोरी जागा सोडलेली असते.

२६ जून १९७४ रोजी ओहायो राज्यातील ट्रॉय गावच्या दुकानात च्युइंग गमचे एक पाकीट अशा रेषांवरून प्रथम विकले गेले. तो दिवस पाहायला सिल्व्हर हयात नव्हते. २०११ साली अमेरिकेने नामवंत संशोधकांच्या यादीत वुडलँड यांच्याबरोबर त्यांचेही नाव घातले.

मुलांनो, इतरांनी नाकारलेले काम सिल्व्हर यांनी हाती घेतले. त्याचे फळ त्यांना मिळाले नाही, पण जगाला मिळाले. आता बिस्किटाचा पुडा हातात घ्याल, तेव्हा त्या रेषा जरा नीट पाहा.