महाळुंग, कवठ आणि महावीराचार्य

मी कलाशाखेची विद्यार्थिनी. शाळा सुटली तसे गणितही सुटले, या समाधानात मी होते. नववीत वह्या आणि पेने यांच्या एकत्र किमतीवरून एकेकाची किंमत काढायचे उदाहरण आले. मी फळ्यासमोर तासभर उभी राहिले आणि वर्ग हसत राहिला. गणित हा आपला प्रांत नव्हे, अशी खूणगाठ मी त्या दिवशी मनाशी बांधली.

गेल्या वर्षी इतिहासाच्या अभ्यासासाठी राष्ट्रकूटांवर टिपण काढताना मला महावीराचार्य भेटले आणि ती गाठ सैल झाली.

हे नवव्या शतकातील जैन गणिती. वेरूळचे कैलास लेणे ज्या कृष्णराजाच्या नावाशी जोडले जाते, त्याचा पणतू अमोघवर्ष नृपतुंग तेव्हा मान्यखेट येथे राज्य करीत होता. मान्यखेट म्हणजे आजच्या कर्नाटकातील मळखेड. इ. स. 814 च्या सुमारास लहान वयात गादीवर आलेल्या या राजाने साठ वर्षांहून अधिक काळ राज्य केले. 'कविराजमार्ग' हा कन्नडमधील उपलब्ध असलेला सर्वांत जुना ग्रंथ त्याच्याच दरबारातला. अशा विद्याप्रेमी राजवटीत, 850 च्या सुमारास, महावीराचार्यांनी 'गणितसारसंग्रह' हा संस्कृत पद्यग्रंथ रचला. आरंभी त्यांनी वर्धमान महावीरांना वंदन केले आणि नृपतुंगाची स्तुती केली. आपले गाव, आईवडील, गुरू यांविषयी मात्र काहीच लिहिले नाही. तेव्हा या माणसाला शोधायचे ते त्याच्या गणितातच.

आर्यभट आणि ब्रह्मगुप्त यांनी गणित सांगितले ते ज्योतिषाच्या ग्रंथांत. महावीराचार्यांनी ज्योतिष बाजूला ठेवून केवळ गणितावरच ग्रंथ लिहिला. गणित कुठे कुठे लागते याची त्यांनी दिलेली यादी आपण कलाशाखेच्या मंडळींनी अवश्य पाहावी. तीत संगीत आहे, नाटक आहे, पाकशास्त्र आणि वैद्यक आहे. छंद, अलंकार, काव्य, तर्क, व्याकरणही आहे. आपण ज्या विषयांच्या आडोशाला गणितापासून लपतो, त्या सर्वांत त्यांना गणित दिसले!

त्यांच्याच ग्रंथात मला माझे जुने उदाहरण सापडले. फक्त वह्या-पेनांच्या जागी महाळुंगे आणि कवठे होती. 9 महाळुंगे व 7 कवठे यांची किंमत 107; 7 महाळुंगे व 9 कवठे यांची 101. तर एकेका फळाची किंमत किती? नुसत्या पहिल्या खरेदीवरून निर्णय होत नाही. महाळुंग 8 ला व कवठ 5 ला धरले तरी 107 होतात. महाळुंग 1 ला व कवठ 14 ला धरले तरी तेवढेच. दुसरी खरेदी हाताशी आली की एकच उत्तर उरते. फळांची संख्या अशी अदलाबदल झालेली असली, की महावीराचार्यांची रीत सोपी आहे. मोठ्या रकमेला मोठ्या संख्येने गुणावे, लहान रकमेला लहान संख्येने; 963 मधून 707 वजा करावे. उरलेल्या 256 ला 9 व 7 यांच्या वर्गांच्या वजाबाकीने, म्हणजे 32 ने भागावे. महाळुंग 8 चे. मग कवठ 5 चे.

सुट्टीत हे उदाहरण मी आजीला घातले. आजी शाळेत गेलेली नाही. आठवडी बाजारात भाजी विकण्यात तिचा जन्म गेला. तिने मेथीची जुडी बांधता बांधता दोन्ही खरेद्या एकत्र केल्या. दोन्ही फळे सोळा-सोळा, पैसे 208, म्हणजे जोडी 13 ला. सात जोड्यांचे 91 झाले. 107 मधले उरलेले 16 दोन महाळुंगांचे. उत्तर तेच! ग्रंथातली रीत वेगळी, आजीची वेगळी. पण महावीराचार्यांचे गणित बाजारातूनच ग्रंथात गेले असावे, असे मला तेव्हा वाटले.

आचार्यांच्या हातूनही चूक झाली आहे. शून्याने भागले तरी संख्या तशीच राहते, असे त्यांनी सांगितले. ते आज कोणी मानणार नाही. उलट, ऋण संख्येला वर्गमूळ का नसते हे त्यांनी नेमके ओळखले होते: कोणत्याही संख्येचा वर्ग ऋण येतच नाही. एका चुकीने त्यांचा ग्रंथ टाकाऊ ठरला नाही. अकराव्या शतकात पावुलूरि मल्लन याने तो तेलुगूत नेला आणि 1912 साली मद्रासहून एम. रंगाचार्य यांनी तो इंग्रजी भाषांतरासह छापला.

मी मात्र एका चुकीपायी सगळे गणितच सोडून दिले होते. परवा माळ्यावरून नववीची वही काढली आणि वह्या-पेनांचे ते अर्धवट राहिलेले उदाहरण पुरे केले. आजीच्या रीतीने.