तैयब मेहतांच्या कॅमेऱ्यातला बैल

चित्रकार तैयब मेहता म्हटलं की लिलावातले कोटींचे आकडे आधी आठवतात. २००२ मध्ये त्यांचं ‘सेलिब्रेशन’ दीड कोटींना विकलं गेलं, तेव्हापासून ही सवयच लागली. त्यातला पैसा त्यांना मिळाला नव्हता, हे सहसा कुणी सांगत नाही. आणि त्यांनी एक सिनेमाही केला होता, हेही फार थोड्यांना ठाऊक आहे.

१९२५ मध्ये गुजरातच्या कपडवंजमध्ये दाऊदी बोहरा कुटुंबात त्यांचा जन्म झाला. वाढले मात्र मुंबईत, क्रॉफर्ड मार्केटच्या परिसरात. घरचा संबंध सिनेमाच्या धंद्याशी, त्यामुळे तरुणपणी ताडदेवच्या फेमस स्टुडिओत ते फिल्म एडिटिंग करू लागले. जेजे स्कूल ऑफ आर्टची वाट त्यांनी नंतर धरली आणि १९५२ मध्ये डिप्लोमा घेतला.

मधे १९४७ आलं. मोहम्मद अली रोडवरच्या घराच्या खिडकीतून त्यांनी पाहिलं, की खाली रस्त्यावर जमाव एका तरुणाला ठेचून मारतोय. त्यांना ताप भरला, तो कित्येक दिवस उतरेना. रक्त बघणं पुढे आयुष्यभर सोसलं नाही.

तरी हाच माणूस कत्तलखान्यात जाऊन बसला. पाय बांधून जमिनीवर पाडलेला बैल त्यांनी १९५०च्या दशकापासून पुन्हा पुन्हा काढला. एवढं ताकदवान जनावर, पण ती ताकद वापरण्याची सोयच नाही. फाळणीनंतरचा माणूस त्यांना त्यात दिसत होता.

१९५९ ते १९६४ ते लंडनमध्ये राहिले, १९६८ मध्ये रॉकफेलर फेलोशिपवर न्यूयॉर्कला गेले. परतल्यावर कॅनव्हासला तिरपा छेद देणारी ती प्रसिद्ध रेषा आली. आणि १९७० मध्ये आला ‘कूडल’. फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला हा अवघ्या सोळा मिनिटांचा सिनेमा. याच संस्थेसाठी त्यांचे मित्र हुसेन यांनी तीनच वर्षं आधी राजस्थानवर फिल्म केली होती आणि बर्लिनमध्ये बक्षीसही मिळवलं होतं. तैयबभाईंचा रस्ता वेगळाच. कॅमेरा घेऊन ते थेट वांद्र्याच्या कत्तलखान्यात गेले. ‘कूडल’ म्हणजे तमिळमध्ये मीलन, एकत्र येणं. बैल, माणसं, शहरातली गर्दी एकमेकांत मिसळत जातात. गोष्ट म्हणावी अशी नाहीच. बघायला सोपा सिनेमा नाही, मान वळवावीशी वाटते. पण कट कुठे द्यायचा, हे एडिटिंगच्या टेबलावर शिकलेला हात त्यात पदोपदी जाणवतो. फिल्मफेअरचा समीक्षक पुरस्कार त्याला मिळाला.

पुढे १९८०च्या दशकात ते शांतिनिकेतनला जाऊन राहिले. त्यानंतर त्यांच्या चित्रांत काली आली, महिषासुर आला. रेड्याचं डोकं आणि माणसाचं अंग, पुन्हा तेच. मनासारखं न उतरलेलं चित्र ते स्वतःच नष्ट करायचे, म्हणून मागे राहिलेलं काम मोजकंच आहे. २००७ मध्ये पद्मभूषण मिळालं. २ जुलै २००९ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं.