कर्णधारपदापासून वंचित राहिलेले बाळू पालवणकर

भारतीय क्रिकेटमधील पहिला थोर गोलंदाज म्हणून ज्यांचे नाव घेतले जाते, त्या बाळू पालवणकर यांचा जन्म १८७५-७६ च्या सुमारास धारवाड येथे झाला. त्या काळी धारवाड मुंबई इलाख्यात होते. पालवणकर कुटुंब चर्मकार समाजाचे व मूळ कोकणातील पालवण गावचे. गावावरूनच आडनाव पडलेले. वडील लष्कराच्या नोकरीत असल्याने पुढे हे कुटुंब पुण्यास स्थिरावले आणि तेथेच बाळू व त्यांचे धाकटे बंधू शिवराम यांना क्रिकेटचा छंद जडला.

उपजीविकेसाठी बाळूंनी प्रथम पारशी मंडळींच्या क्लबात काम धरले. खेळपट्टीवर रूळ फिरवायचा, मैदान झाडायचे. वेतन महिना तीन रुपये. त्यानंतर युरोपियनांच्या पूना क्लबात एक रुपया जास्त मिळू लागला. तेथे सरावाच्या वेळी चेंडू टाकण्याची मुभा त्यांना मिळाली. त्या काळचे नामांकित इंग्रज फलंदाज कॅप्टन ग्रेग बाळूंच्या डावखुऱ्या फिरकीवर तासन् तास सराव करीत. आपल्याला बाद केल्यास दर वेळी आठ आणे देण्याचे त्यांनी कबूल केले होते, अशी आख्यायिका आहे. मात्र हाती बॅट घेण्याची संधी बाळूंना तेथे मिळाली नाही. फलंदाजी साहेबांची आणि गोलंदाजीचे कष्ट नोकराचे, अशीच ती विभागणी होती.

पुण्यातील हिंदू क्लबाला युरोपियनांवर विजय मिळवायचा होता आणि बाळूंवाचून तो मिळणे अवघड होते. संघातील काही ब्राह्मण सभासदांचा विरोध असतानाही अखेर त्यांना घेण्यात आले. मैदानावर तोच चेंडू सर्वांनी हाताळला. चहापानाच्या वेळी मात्र बाळूंना मंडपाबाहेर मातीच्या पात्रात वेगळा चहा दिला जाई. तरीही बळी मिळत गेले, संघ जिंकत गेला आणि न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी त्यांचा जाहीर गौरव केला.

पुण्यातील प्लेगच्या साथीनंतर बाळू मुंबईस आले व हिंदू जिमखान्याकडून खेळू लागले. १९०६ साली हिंदू संघाने युरोपियनांचा १०९ धावांनी पराभव केला. या सामन्यात बाळूंनी आठ बळी मिळवले. एव्हाना मुंबईत पालवणकर बंधू संघातील सहकाऱ्यांच्या पंक्तीस बसू लागले होते. पुण्याच्या मानाने हा मोठाच पालट होता.

१९११ साली पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला. संघाची कामगिरी एकंदरीत निराशाजनक ठरली. बाळूंनी मात्र सर्व सामने मिळून ११४ बळी टिपले. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एकाच डावात त्यांनी १०३ धावांत आठ गडी बाद केले. परतल्यावर मुंबईतील दलित समाजाने त्यांचा सत्कार केला. तरुण भीमराव आंबेडकरांनाही त्यांच्याविषयी मोठा अभिमान होता.

तथापि, हिंदू संघाचे नेतृत्व त्यांच्याकडे कधीच सोपवले गेले नाही. ज्येष्ठता आणि कर्तृत्व निर्विवाद असूनही कर्णधारपद उच्चवर्णीयांकडेच राहिले. १९२० साली बाळूंना वगळण्यात आले आणि कर्णधार एम. डी. पै आजारी असताना त्यांच्या जागी विठ्ठल यांनाही डावलले गेले. तेव्हा विठ्ठल व शिवराम या बंधूंनी संघातून माघार घेतली. प्रकरण गाजले. अंतिम सामन्यासाठी दोघे परतले व बाळूंना उपकर्णधार करण्यात आले. त्या सामन्यात पै काही काळ मैदानाबाहेर गेले, तेवढा वेळ संघाची सूत्रे बाळूंकडे आली. तीन वर्षांनी, १९२३ मध्ये, विठ्ठल कर्णधार झाले आणि त्यांच्या नेतृत्वाखाली हिंदू संघाने युरोपियनांना नमवून स्पर्धा जिंकली. थोरल्या भावाला नाकारलेला मान धाकट्याला मिळाला.

निवृत्तीनंतर बाळू राजकारणात उतरले. अस्पृश्यांसाठी स्वतंत्र मतदारसंघांच्या प्रश्नावर त्यांचे डॉ. आंबेडकरांशी मतभेद होते. १९३२ च्या पुणे करारावर दोघांच्याही स्वाक्षऱ्या आहेत. १९३७ च्या निवडणुकीत काँग्रेसने बाळूंना आंबेडकरांविरुद्ध उभे केले. आंबेडकर १३,२४५ मते मिळवून विजयी झाले. बाळूंना ११,२२५ मते पडली. ज्या समाजाने दोघांनाही डोक्यावर घेतले, त्याच समाजाला त्या दिवशी दोघांतून एकाची निवड करावी लागली.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळूंचे निधन झाले. प्रथम श्रेणीच्या ३३ सामन्यांत १७९ बळी, प्रत्येकी सरासरी १५.२१ धावा देऊन, अशी त्यांची नोंद आहे. भारत पहिला कसोटी सामना खेळला तो १९३२ साली. तेव्हा बाळू पन्नाशी ओलांडून गेले होते. त्यामुळे कसोटीपटूंच्या यादीत त्यांचे नाव नाही आणि कर्णधारांच्याही नाही. धारवाडात जन्मलेल्या या गोलंदाजाची थोरवी जोखताना त्या दोन्ही याद्या अपुऱ्या पडतात.