नान्सेनची बाटली

बाटली म्हटलं की होस्टेलवर भलत्याच चर्चा रंगतात! पण ही बाटली निराळी. हिच्यात खोल समुद्राचं पाणी भरतात, आणि जिच्या नावाला ती चिकटली त्या माणसाला पुढे शांततेचं नोबेल मिळालं.

फ्रिट्यॉफ नान्सेनचा जन्म १० ऑक्टोबर १८६१ चा, नॉर्वेतल्या आजच्या ऑस्लोजवळचा. शिकला प्राणिशास्त्र, पण मन रमलं बर्फात. १८८८ मध्ये पाच साथीदारांसह त्याने ग्रीनलंड आडवं पार केलं. १८९३ मध्ये ‘फ्राम’ जहाज घेऊन निघाला, तो चक्क बर्फात अडकण्यासाठी! बर्फाबरोबर वाहत ध्रुवाकडे सरकायचं, हा बेत. जहाजाचं बूड गोलाकार, म्हणजे बर्फाने आवळलं तरी ते चिरडायचं नाही, वर उचललं जायचं.

तिथला समुद्र उथळ असेल असा अंदाज होता. पण खोली मोजायची दोरी पुरेना. मग जहाजावरची पोलादी तार उलगडून नवी दोरी वळली. खोली निघाली तीन हजार मीटरच्या वर! शिवाय थंडगार पाण्याखाली अटलांटिकचं जरा उबदार पाणी सापडलं. १८९५ मध्ये नान्सेन आणि यॉहान्सेन ८६ अंश १४ मिनिटांपर्यंत पोचले. ध्रुव हुकला, पण तोवर एवढ्या उत्तरेला कोणीच गेलं नव्हतं.

खोल पाण्यात तापमानाचा फरक अगदी बारीक असतो. नमुना वर येताना दुसरं पाणी मिसळलं की सगळी मेहनत वाया. म्हणून परतल्यावर नान्सेन जुन्या बाटल्या सुधारण्याच्या मागे लागला. रचना साधीच. दोन्ही टोकं उघडी असलेली धातूची नळी तारेला बांधून खाली सोडायची. हव्या त्या खोलीवर पोचली की वरून तारेवर एक वजन सोडायचं. त्याचं नाव मेसेंजर, म्हणजे निरोप्या! तो आदळला की बाटली उलटी होते, झडपा बंद होतात, सोबतच्या थर्मामीटरमधला पारा तुटून तिथलं तापमान तसंच राहतं आणि दुसरा निरोप्या खालच्या बाटलीकडे सुटतो. ना बॅटरी, ना वायर!

पुढे पहिल्या महायुद्धानंतर त्याने लाखो युद्धकैद्यांना घरी पोचवलं आणि देश गमावलेल्यांसाठी ‘नान्सेन पासपोर्ट’ काढला. १९२२ चं नोबेल त्याबद्दल. १३ मे १९३० रोजी तो गेला.

१९६० च्या दशकातल्या हिंदी महासागर मोहिमेत याच बाटल्या वापरल्या गेल्या. त्या मोहिमेतूनच १९६६ मध्ये गोव्याची राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था उभी राहिली. त्याच वर्षी निस्किनची न उलटणारी प्लॅस्टिकची बाटली आली आणि हळूहळू नान्सेनची मागे पडली.

आता जरा आपल्याकडे बघू. प्रॅक्टिकलच्या आदल्या रात्री शेजारच्या रूमवरून रीडिंग उतरवताना आपल्याला काही वाटत नाही. हा गडी मात्र पाणी नेमकं त्याच खोलीचं असावं, म्हणून अडून बसला. जर्नल उघडताना त्याची एकदा तरी आठवण यावी, इतकंच!